छायालेखकांची वंशावळ

वार्षिक स्मरणिकेत घराण्यांच्या वंशावळी छापण्याचा प्रघात जुना आहे व तो योग्यही आहे. आपण कोणाचे, कोठून आलो, मूळ गाव कोणते, हे पुढील पिढीस ठाऊक असावे. परंतु रक्ताच्या वंशावळीप्रमाणेच विद्येचीही एक वंशावळ असते. गवयांमध्ये तिला घराणे म्हणतात, पैलवानांमध्ये तालीम म्हणतात. हातकामाच्या धंद्यांत तिला नाव नसते. पण वस्तादाने शागिर्दाच्या हातात अवजार दिले की ती सुरू होते आणि शागिर्दाने ते दुसऱ्याच्या हातात दिले की पुढे चालते. अशीच एक वंशावळ यंदा वाचकांपुढे ठेवावी असे आम्हांस वाटले. ती आहे छायालेखकांची, म्हणजे चित्रपटाचा कॅमेरा चालविणाऱ्यांची.

नटांची नावे आपल्या घरांतील आजीपासून नातवापर्यंत सर्वांना पाठ असतात. गाणारीचे नाव ठाऊक असते, दिग्दर्शकाचेही असते. परंतु ज्याच्या डोळ्यांनी आपण ते सर्व पाहिले, त्याचे नाव विचारले तर बहुधा कोणी सांगू शकत नाही. सरकारदरबारीही फार निराळे नव्हते. दादासाहेब फाळके यांच्या नावाचा पुरस्कार १९६९ सालापासून दिला जाऊ लागला. तो एका छायालेखकास, व्ही. के. मूर्ती यांस, मिळण्यास २००८ सालचा पुरस्कार यावा लागला. पडद्यावर चेहरा उजळतो तो नटाचा. उजेड पाडणारा अंधारातच राहतो.

सातारा-सांगलीशी याचा संबंध काय, असे कोणी विचारील. संबंध जवळचा आहे. मराठी रंगभूमीचा पहिला प्रयोग विष्णुदास भावे यांनी सांगली येथे १८४३ साली केला, हे सर्वश्रुत आहे. ‘शारदा’ नाटक लिहिणारे गोविंद बल्लाळ देवल हे सांगलीजवळच्या हरिपूरचे. ‘कीचकवध’कार कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांचा जन्म सांगलीचा, १८७२ सालचा. आणि कादंबरीकार नारायण हरि आपटे यांचा जन्म १८८९ साली सांगली जिल्ह्यातील समडोळी येथे झाला व आयुष्याचा मोठा काळ त्यांनी सातारा जिल्ह्यातील कोरेगाव येथे घालविला. (‘गड आला पण सिंह गेला’ लिहिणारे हरि नारायण आपटे ते निराळे, दोन्ही नावांची अनेकदा गल्लत होते.) सांगलीच्या मातीने कथा दिल्या, आणि त्या पडद्यावर आणणारा कॅमेरा पंचगंगेच्या काठी तयार झाला.

कारागिराचा कॅमेरा

कोल्हापूरचे बाबूराव कृष्णराव मेस्त्री यांचा जन्म १८९० सालचा. घरात सुतारकाम, मूर्तिकाम, रंगकाम हे सर्व चालत असे. शाळेपेक्षा कारखानाच त्यांची खरी शाळा. आनंदराव या आपल्या भाऊबंदासह त्यांनी संगीत नाटक मंडळ्यांचे पडदे रंगविले आणि त्या पडद्यांची एवढी वाहवा झाली की ‘पेंटर’ हेच त्यांचे आडनाव होऊन बसले.

फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ साली लोकांपुढे आला. रंगविलेल्या स्थिर पडद्यावर आयुष्य घालविणाऱ्या या दोघांना हलणाऱ्या चित्राचा ध्यास लागला. चित्रे दाखविण्याचे एक जुने यंत्र त्यांनी मिळविले आणि ते खोलून, जोडून, त्याची रीत समजून घेतली. परंतु चित्रे घेण्याचा कॅमेरा हवा होता आणि विलायती कॅमेऱ्याची किंमत त्यांच्या ऐपतीपलीकडची होती. तेव्हा तो आपणच घडवावा, असे आनंदरावांनी ठरविले. काम अर्धवट असतानाच १९१६ साली त्यांचे निधन झाले. बाबूरावांनी विष्णुपंत दामले यांना सोबत घेऊन ते काम पुढे नेले आणि १९१८ साली कॅमेरा तयार झाला. हा हिंदुस्थानात बनलेला पहिला चित्रपट-कॅमेरा मानला जातो.

यात काय अवघड होते, हे हातकाम जाणणाऱ्या वाचकांस चटकन कळेल. कॅमेऱ्यातील फिल्म सतत सरकत नाही; ती थांबत थांबत सरकते. प्रत्येक चित्रापुरती ती क्षणभर निश्चल उभी राहिली पाहिजे, तेवढ्यात झडप उघडून मिटली पाहिजे आणि मग नेमकी एका चित्राएवढीच फिल्म खाली ओढली गेली पाहिजे. मूकपटाच्या काळी सेकंदाला साधारण सोळा वेळा हे घडे. म्हणजे एका सेकंदास एक फूट फिल्म. दाते थोडे जरी चुकले तरी चित्र पडद्यावर थरथरते. पेटीला केसाएवढी फट राहिली तरी उजेड शिरून फिल्म वाया जाते. विजेची मोटर नव्हती. मूठ हातानेच फिरवावयाची, सेकंदाला दोन फेरे, ना कमी ना जास्त. समोर युद्ध चालले असो वा मृत्यू, फिरविणाऱ्याचा हात आपली लय सोडत नसे. तबलजीच्या ठेक्याइतकाच हा संयम कठीण होता.

‘सैरंध्री’ ते ‘सावकारी पाश’

गायिका तानीबाई कागलकर यांच्या द्रव्यसाहाय्याने महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली. तिचे पहिले चित्र ‘सैरंध्री’ १९२० साली पुण्यात झळकले. त्याचे मूळ म्हणजे सांगलीच्या खाडिलकरांचे ‘कीचकवध’, जे नाटक सरकारने १९१० साली बंद पाडले होते. लोकमान्य टिळकांनी बाबूरावांस ‘सिनेमा केसरी’ ही पदवी दिली असे सांगतात. दुसरी गोष्टही लक्षात ठेवण्यासारखी. फाळक्यांना आरंभी स्त्री-भूमिकेसाठी पुरुष घ्यावे लागले होते. ‘सैरंध्री’त स्त्रियाच उभ्या राहिल्या. त्या काळी त्यांनी सोसलेल्या लोकनिंदेचा विचार केला म्हणजे त्यांचेही नाव कॅमेरा घडविणाऱ्यांच्या पंक्तीत घेणे भाग आहे.

बाबूराव प्रत्येक प्रसंगाचे चित्र आधी कागदावर काढीत. पोशाख, दागिने, उभे राहण्याची ढब, सारे ठरलेले असे. ‘सिंहगड’ (१९२३) मध्ये त्यांनी विजेच्या दिव्यांचा उपयोग करून रात्रीचा आभास निर्माण केला. तोवर चित्रीकरण म्हणजे उन्हाचा धंदा होता. सूर्य ढगाआड गेला की काम बंद. सूर्याची चाकरी सोडून छायालेखक स्वतः उजेडाचा धनी झाला, तो असा.

त्या काळच्या फिल्मची एक खोड आज फार थोड्यांना ठाऊक आहे. तिला तांबडा रंग दिसत नसे. निळे आकाश ती पांढरेफटक करी, त्यामुळे ढग नाहीसे होत. आणि तांबडे ते सारे काळे होई. कपाळावरचे लालभडक कुंकू पडद्यावर काळा ठिपका होऊन उमटे. चेहऱ्याची लाली सावळी दिसू नये म्हणून नटांना पिवळसर रंग फासावा लागे. छायालेखकाला म्हणून दोन डोळे लागत: एक माणसाचा आणि एक फिल्मचा. समोर लाल शालू दिसत असताना, हा उद्या काळा दिसणार, हे त्याने मनात ओळखले पाहिजे. विशीच्या दशकाच्या अखेरीस सर्व रंगांना जागणारी फिल्म रूढ झाली, तेव्हा ही अडचण सरली.

१९२५ साली ‘सावकारी पाश’ आला. कथा नारायण हरि आपटे यांची. देवादिकांची चित्रे चालत असताना बाबूरावांनी कर्जात बुडालेला कुणबी पडद्यावर आणला. सावकाराच्या खोट्या कागदामुळे जमीन जाते आणि तो शेतकरी शहरात गिरणीच्या दाराशी जाऊन उभा राहतो. तरुण शेतकऱ्याच्या भूमिकेत पुढे सर्वांना माहीत झालेले व्ही. शांताराम होते. सातारा-सांगलीकडच्या दुष्काळी पट्ट्यातून किती माणसे याच वाटेने मुंबईच्या गिरण्यांत गेली, हे आपल्या घरोघरी ठाऊक आहे. जे दुःख कथाकाराने आसपास पाहिले, ते छायालेखकाने मुलाम्याशिवाय दाखविले. त्या काळी चित्राला फार धंदा मिळाला नाही. आज मात्र हिंदी चित्रपटाच्या इतिहासात वास्तवाचा आरंभ सांगताना प्रथम त्याचेच नाव निघते. बाबूरावांनी १९३६ साली तीच कथा बोलपटात पुन्हा मांडली. त्यांचा देहांत १९५४ साली झाला. शेवटपर्यंत रंग आणि मूर्ती यांची संगत त्यांनी सोडली नाही.

‘प्रभात’ची मंडळी

बाबूरावांच्या हाताखाली तयार झालेले शांताराम, दामले, फत्तेलाल व केशवराव धायबर यांनी सीतारामपंत कुलकर्णी यांस सोबत घेऊन १ जून १९२९ रोजी कोल्हापूर येथे ‘प्रभात’ची स्थापना केली, १९३३ साली ती पुण्यास गेली. या पाच जणांकडे आपण जरा थांबून पाहावे असे आम्हांस वाटते. दामले पेणकडचे, फत्तेलाल कागलचे मुसलमान. कोणी कारागीर, कोणी पैसा घालणारा. दामल्यांना सारे ‘दामलेमामा’ म्हणत आणि फत्तेलालांना ‘साहेबमामा’. याच जोडीने १९३६ साली ‘संत तुकाराम’ दिग्दर्शित केला. १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला. एका मुसलमानाने आणि एका ब्राह्मणाने मिळून देहूच्या कुणबी वाण्याचे चरित्र उभे करावे आणि साऱ्या महाराष्ट्राने ते आपले म्हणावे, यातच सर्व आले. ज्या कोल्हापुरात शाहू महाराजांनी १९०२ साली निम्म्या जागा मागासलेल्या वर्गांसाठी राखून ठेवल्या, त्याच कोल्हापुरात हे कारागिरांचे कुटुंब तयार झाले, याकडेही दुर्लक्ष करू नये.

पुण्यातील स्टुडिओत ‘अमृतमंथन’ १९३४ साली तयार झाला. कथेचे मूळ पुन्हा कोरेगावच्या आपट्यांच्या ‘भाग्यश्री’ कादंबरीत. कॅमेरा केशवराव धायबरांचा. पशुबळी व नरबळी यांच्या बाजूने उभा असलेला राजगुरू चंद्रमोहन यांनी रंगविला आणि धायबरांनी दुरून जवळचे टिपणारे भिंग लावून त्याचा एक डोळा साऱ्या पडद्याएवढा केला. असे भिंग आपल्याकडे चित्रपटात प्रथम वापरले गेले ते येथे, असे जाणकार सांगतात. धर्मांधतेचे वर्णन करावयास लेखकाला पाने लागली असती. छायालेखकाने ते एका बुबुळात केले.

धायबर नंतर दिग्दर्शनाकडे वळले व ‘प्रभात’मधून बाहेर पडले. कॅमेऱ्यामागे व्ही. अवधूत आले. ‘संत तुकाराम’ त्यांनी टिपला, पुढे ‘माणूस’ व ‘शेजारी’ही टिपले. परंतु त्यांचे काम पाहावयाचे तर ‘कुंकू’ (१९३७) पाहावे. आपट्यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवरून ते घेतले. म्हाताऱ्याशी लावून दिलेली तरुणी संसारास नकार देते. हरिपूरच्या देवलांनी ‘शारदे’त १८९९ साली जो प्रश्न मांडला, तोच समडोळीच्या आपट्यांनी अधिक धिटाईने मांडला, कारण शारदेचे लग्न मोडते, येथे ते लागून गेलेले आहे. या चित्रात पार्श्वसंगीत नाही. घरातले, रस्त्यावरचे जे आवाज असतील तेवढेच. म्हणून कॅमेऱ्यावर भार अधिक पडला. केशवराव दाते यांनी रंगविलेला वृद्ध वकील फुटक्या आरशात पाहतो आणि तुकड्यातुकड्यांतून त्याचेच तोंड त्याला हिणवते, हा प्रसंग पाहिलेला माणूस तो विसरत नाही. जरठ-कुमारी विवाह आपल्या समाजातही होत असत आणि वडीलधारी मंडळी त्याविषयी मौन पाळीत, हे वयस्क वाचक नाकारणार नाहीत. ठराव आणि व्याख्याने यांनी जे झाले नाही, ते त्या आरशाने काही घरांत तरी केले असेल.

शाळा निघाली

‘प्रभात’ १९५३ च्या सुमारास बंद पडली. परंतु जागा वाया गेली नाही. १९६० साली त्याच आवारात सरकारची फिल्म संस्था सुरू झाली आणि १९७४ साली दूरचित्रवाणीचे शिक्षणही तेथे आले. ज्या विद्येसाठी पूर्वी वस्तादाच्या घरी पाणी भरावे लागे, ती आता प्रवेशपरीक्षा देऊन कोणत्याही घरच्या मुलास मिळू लागली. मुलींस म्हणावयाचे तर दार उघडे होते, पण आत जाणाऱ्या फार थोड्या होत्या. ते आता कोठे बदलत आहे.

मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. गावातील एका घरी संच, आणि ओसरीवर सारी आळी, असे ते दिवस होते. छायालेखकास नवा धंदा मिळाला, पण नव्या अटीही आल्या. मोठ्या पडद्यावर डोंगराच्या कडेला उभा असलेला माणूस दिसतो. लहान काचेवर तो मुंगी होतो. म्हणून कॅमेरा जवळ गेला, चेहरा महत्त्वाचा झाला. चित्रपटात एका प्रसंगाचा उजेड बसविण्यास अर्धा दिवस मिळे. मालिकेच्या कामात तेवढ्यात कित्येक प्रसंग उरकावे लागतात. तरीही ज्यांचा हात तयार होता त्यांनी लहान पडद्यावरही मोठे काम केले. ‘तमस’ (१९८८) चे छायालेखन वर सांगितलेल्या मूर्तींनी व गोविंद निहलानी यांनी केले. फाळणीची ती भीषण रात्र लोकांनी घरी बसून पाहिली.

माणदेश आणि मेणवली

व्यंकटेश माडगूळकर आटपाडी तालुक्यातील माडगूळचे. त्यांची ‘बनगरवाडी’ १९५५ साली प्रसिद्ध झाली. माणदेशातील धनगरवाडीत आलेला पोरसवदा मास्तर आणि दुष्काळाने हळूहळू ओस पडणारी ती वस्ती यांची ही कथा. अमोल पालेकर यांनी तिच्यावर १९९५ साली चित्रपट केला. त्या वर्षीचा सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार त्यास मिळाला. छायालेखक होते देबू देवधर. माळरान टिपणे सोपे नसते. झाड नाही, आडोसा नाही, डोक्यावर ऊन. सावल्या पायाखाली गोळा होतात आणि चेहरे करपून जातात. अशा ठिकाणी सकाळ-संध्याकाळची तिरपी उन्हेच छायालेखकाची ठेव. त्या चित्रात कोल्हापूरचे जुने नट व निसर्गचित्रकार चंद्रकांत मांडरे हेही होते. रंग आणि कॅमेरा यांचे जुने नाते तेथे पुन्हा जुळले.

त्यानंतर २००४ साली ‘स्वदेस’ आला. त्यातील चरणपूर गाव उत्तरेकडचे म्हणून दाखविले आहे, परंतु वास्तविक ते वाईजवळचे मेणवली. कृष्णेचा तो घाट आणि नाना फडणवीसांचा तो वाडा. छायालेखक महेश अणे यांस या कामाबद्दल राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. ही वार्ता सातारकरांस भूषणावह आहेच. पण आम्ही तिचा उल्लेख निराळ्या कारणासाठी करीत आहो.

त्या चित्रात एक प्रसंग आहे. गावात रात्री चादरीच्या पडद्यावर सिनेमा चालू आहे. पडद्याच्या एका अंगाला वरच्या जातींची मंडळी, दुसऱ्या अंगाला खालच्या मानलेल्या जातींची. चित्र दोन्हीकडून दिसते. परंतु मागच्यांना ते उलटे दिसते. तेवढ्यात वीज जाते. नायक आकाशातील तारे दाखवू लागतो आणि मधला पडदा खाली उतरवितो. तारे सर्वांनाच सारखे दिसतात. मेणवलीच्या भूमीवर घेतलेला तो प्रसंग आपण ज्ञातिसंस्थेच्या सभासदांनी विशेष मन लावून पाहावा. संस्था आपली आहे, तिचा अभिमान आहे. वसतिगृहे, शिष्यवृत्त्या, वधूवर-मेळावे ही कामे तिने केली व करावी. परंतु संस्था म्हणजे मधे बांधलेली चादर होऊ नये. ज्या दिवशी आपल्या मुलाने कोणाकडून विद्या घ्यावी वा कोणास द्यावी हे आपण जात विचारून ठरवू, त्या दिवशी पेंटर-दामले-फत्तेलाल यांची वंशावळ आपल्यापुरती खुंटेल.

जे गेले आणि जे राखता येईल

आता एक दुःखाची गोष्ट. बाबूरावांचा ‘सैरंध्री’ आज पाहावयास मिळत नाही. १९२५ चा ‘सावकारी पाश’ही नाही. त्या काळची फिल्म भडकन पेट घेणाऱ्या द्रव्याची असे. काही जळाली, काही सडून भुकटी झाली, काही तिच्यातील चांदीच्या लोभाने वितळविली गेली. १९६४ साली पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले, तोवर बरेच हातचे गेले होते. उरलेल्यातीलही पुष्कळ जुनी फिल्म ८ जानेवारी २००३ च्या आगीत नष्ट झाली. हाताने कॅमेरा घडविणाऱ्या माणसाचे उत्तम काम आपण केवळ वर्णनांवरून जाणतो. घराण्याचा मूळ पुरुष ठाऊक असावा आणि त्याचा चेहराच पाहिलेला नसावा, तसे हे आहे.

म्हणून सभासद कुटुंबांस आमची विनंती. आपल्या माळ्यांवर, जुन्या पेट्यांत, वाडवडिलांची छायाचित्रे, काचेच्या निगेटिव्ह, लग्नाच्या फिती, क्वचित कोठे फिल्मचे डबेही पडून असतील. ते रद्दीत घालू नयेत. छायाचित्रामागे मऊ पेन्सिलीने नावे, गाव व साल आजच लिहावे. ओळखणारी म्हातारी माणसे आहेत तोवरच ते होईल. ओलसर भिंतीपासून ती दूर ठेवावीत. जुनी फिल्म चिकट झाली असेल, तिच्यावर तपकिरी भुकटी धरली असेल, तर ती घरात ठेवणे धोक्याचे. तिच्याजवळ दिवा वा विडी नेऊ नये आणि पुण्याच्या संग्रहालयास कळवावे. आणि छायाचित्र कोणी काढले हे ठाऊक असेल तर त्याचेही नाव लिहावे. आपल्या आजोबांचा चेहरा ज्याने आपल्यासाठी राखला, त्याचे एवढे ऋण आपल्यावर आहे.

तरुणांसही दोन शब्द. आज प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे. आनंदराव व बाबूराव यांना जो घडविण्यास वर्षे लागली, तो आता मागितला तर मिळतो. परंतु उजेड कोठून येतो, कोणावर पडतो आणि कोणाला अंधारात ठेवतो, हे पाहण्याची दृष्टी अजून विकत मिळत नाही. ती कामानेच येते, आणि दुसऱ्याचे काम नावानिशी लक्षात ठेवल्याने येते. आपल्या मुलामुलींपैकी कोणी या धंद्यात जाऊ म्हणेल तर ‘सिनेमाचा नाद’ म्हणून त्यास अडवू नये. पडदे रंगविणाऱ्या एका मेस्त्रीच्या मुलालाही लोकांनी तेच म्हटले असेल.

पुढच्या खेपेस घरातील सर्व जण चित्रपट वा मालिका पाहावयास बसाल, तेव्हा आरंभीची नामावली सरकू देऊ नका. छायालेखकाचे नाव येते, ते मोठ्याने वाचा. मुलांना ऐकू जाऊ द्या. एवढ्याने ही वंशावळ एका ओळीने पुढे सरकेल.